कारभाऱ्याचं डोकं

पुणे
२ जून २०२४

दादा,

पत्र फाडायच्या आधी एवढं वाच. त्या जबड्याला पाणी लावू नकोस. तेल लावू नकोस. शेंदूर तर अजिबात फासू नकोस. आणि कुणी "बघू दे की जरा" म्हणत हात पुढं केला तर देऊ नकोस. बस. आता फाडायचं तर फाड.

वहिनीनं मला फोटो पाठवला म्हणून तिच्यावर ओरडू नकोस. हाडाच्या फोटोत शेजारी मोजपट्टी ठेवतात, म्हणजे आकार कळतो, असं मी तिला कधीतरी बोलले होते. घरात मोजपट्टी सापडली नाही म्हणून तिनं भाकरी ठेवली. पितळीत भाकरी, भाकरीशेजारी जबडा. चौतीस वर्षं मी हाडांचे फोटो बघतेय, असा फोटो बघितला नव्हता. आमचे नवे साहेब, कुमार, माझ्याहून अठरा वर्षांनी लहान, ते म्हणाले, "मॅडम, भाकरी हे एकक नोंदवहीत चालत नाही." मी म्हटलं, आमच्याकडं चालतं.

सीनेच्या काठाला पाइपलाइनचा चर खणताना, पुरुषभर खाली, गोट्यांच्या थरात तुला तो सापडला, एवढं वहिनीनं सांगितलं. आणि तू काय म्हणालास तेही सांगितलं. "कुत्र्याचं दिसतंय, पण कुत्र्याचं न्हाय. लांडग्याचं म्हणावं, तर लांडग्याचं बी न्हाय."

दादा, सातवीत शाळा सोडून मेंढरांमागं गेलेला माणूस तू. हे एक वाक्य लिहिता यावं म्हणून मी शिवालिकच्या डोंगरात उन्हाळे काढले, नर्मदेच्या काठाला ताप काढले, परदेशातल्या संग्रहालयांत थंडीनं काकडत दाढा मोजल्या. आणि तू चरात उभा राहून, विडी न विझवता ते बोलून मोकळा झालास. राग येणार नाही तर काय होईल मला?

नीट समजून घे. लांडग्याच्या दाढा जबड्यात ऐसपैस बसलेल्या असतात. तो माणसाच्या वळचणीला आला, पिढ्या गेल्या, थोबाड आखूड झालं, पण दात तेवढेच राहिले. मग ते एसटीत तिघांच्या सीटवर चौघं बसल्यासारखे तिरके बसायला लागले. तुझ्या जबड्यातले दात तिरके आहेत आणि हाड दगड झालेलं आहे. लांडग्याचा कुत्रा होत होता त्या काळातलं जनावर असेल ते. असेल म्हणते, हातात घेतल्याशिवाय सांगता येणार नाही. लांडग्याचा कुत्रा कधी झाला, हाच तर माझा जन्माचा प्रश्न. उत्तर हुडकत मी जगभर हिंडले आणि ते आपल्या पाइपलाइनीत निघालं.

तीस नोव्हेंबरला मी निवृत्त होतेय. त्यानंतर प्रयोगशाळेचं दार उघडायलासुद्धा मला कुणाची तरी परवानगी लागेल. त्याच्या आत तो जबडा मला हवाय.

आता तुझं. पाच वर्षं तू माझ्याशी बोलत नाहीस. फोन केला की कट. कारण विचारलं की कट. मी काय घोडं मारलंय तुझं? आबा गेल्यावर परंड्याला येऊन मी हक्कसोडपत्रावर सही केली, जमिनीवरचं माझं नाव काढून दिलं, एक शब्द बोलले नाही. बहिणी करतात तसं केलं. आणि तुला एक जबडा देववेना?

पत्र पोस्टमननं दिलं की तू ते टाकत नाहीस, कणगीमागं ठेवतोस, असं वहिनी म्हणाली. तिथं ठेवायच्या आधी वाचत जा.

शिवगंगा


पुणे
२३ जून २०२४

दादा,

तीन आठवडे झाले. पत्ता लिहिलेलं, तिकीट लावलेलं पाकीट सोबत पाठवलं होतं. त्यात वहिनी आता लसणाचं बी ठेवते म्हणे.

भाकरी मोजून सांग म्हणून मी तिला फोन केला. म्हणाली, "एक वीत अन् चार बोटं." मी म्हटलं, वहिनी, टेपनं मोजा. तिनं मोजली. साडेदहा इंच. मग म्हणते कशी, "पर वन्सं, ही आजची हाय. त्या दिवशीची आमी खाल्ली." कपाळावर हात मारून घेतला मी.

मग मीच विचारलं, दादा बोलत का नाही? ती म्हणाली, "त्यो पेपरातला फोटू."

म्हणजे पाच वर्षांपूर्वी माझ्यावर छापून आलं होतं ते. "मेंढपाळाची लेक, कुत्र्यांच्या वंशाच्या शोधात." त्यात मी टेबलाशी बसलेय आणि पुढ्यात एक कवटी आहे. तुझं म्हणणं, ती आपल्या कुत्र्याची, कारभाऱ्याची.

अरे, जगात कुत्रे काय कमी आहेत? माझ्या कपाटात एकशे बारा कवट्या आहेत. कोल्हे, खोकडं, लांडगे, रानकुत्रे, गावकुत्रे. तो कुठला तरी असेल. सुळा तुटलाय म्हणून लगेच कारभारी? कारभाऱ्याचा तर डावा सुळा तुटला होता. फोटोत उजवीकडं दिसतोय. आणि पेपरवाले फोटो उलटासुद्धा छापतात. उगीच काहीतरी मनात धरून बसायचं आणि पाच वर्षं तोंडाला कुलूप लावायचं, ही रीत झाली का?

तुझ्या डोक्यात एकदा काही शिरलं की निघत नाही. आबा म्हणायचे ते खोटं नाही, कुत्र्याचं शेपूट नळीत घातलं तरी वाकडं ते वाकडंच.

जबडा खोक्यात घाल. खाली कापूस नाहीतर जुनं धोतर अंथर. मी येऊन नेते.

शिवगंगा


पुणे
१८ ऑगस्ट २०२४

दादा,

पंधरा ऑगस्टच्या सुट्टीला मी आले होते. तुला माहीतच आहे, कारण तू मला फाट्यावर उतरताना बघितलंस आणि मेंढरं वळवून माळाकडं घातलीस. साठीला आलेली बाई, पुण्याहून कुर्डुवाडी रेल्वेनं, तिथून परंड्याला एसटीनं, पुढं जीपच्या मागच्या फळीवर बसून येते आणि सख्खा भाऊ मेंढरं वळवतो. लाज वाटली नाही तुला?

तीन तास ओट्यावर बसले. तुझा नवा कुत्रा तीन तास माझ्यावर भुंकला. कुत्र्यांवर जन्म घालवला मी, पण त्याला त्याचं काही नाही. मधेच शेजारचे शरणबसप्पा आले, म्हणाले, "ताई, तुमी कुत्र्याच्या डाक्टर न्हवं? आमच्याला खरूज झालीय, काय लावावं?" मी कुत्र्याची डॉक्टर नाही, मेलेल्या कुत्र्यांची डॉक्टर आहे, हे चौतीस वर्षं सांगतेय. त्यांना करंजाचं तेल सांगितलं.

मग वहिनीनं चहा दिला आणि म्हणाली, "जबडा घरात न्हाय, वन्सं. ह्यांनी पुरला."

मी ओरडलेच. पुरला? कुठं?

"कारभाऱ्यापाशी. त्येला डोकं न्हवतं म्हनं. मोकळं दिसत हुतं. म्हनून डोक्याच्या जागी ठिवला."

चहा तसाच राहिला. म्हणजे फोटो बघून तू नुसता रुसला नव्हतास. जाऊन कारभाऱ्याचा खड्डा उकरून बघितला होतास. आणि पाच वर्षांनी नदीकाठाला जबडा सापडला तेव्हा तो घरात न ठेवता, विकायचा विचार न करता, मला न कळवता, त्या कुत्र्याला नेऊन दिलास. मी ज्यासाठी जीव टाकतेय ती वस्तू मी रिकाम्या केलेल्या जागेत आहे. हसावं का रडावं कळेना. परतीच्या एसटीत मी दोन्ही केलं. शेजारची बाई जागा बदलून बसली.

तर हो. मी नेलं. ती कवटी कारभाऱ्याची आहे. फोटो उलटा छापलेला नाही, डावा सुळा समोरून बघणाऱ्याला उजवीकडंच दिसतो, आणि हे मला त्या दिवशीही माहीत होतं. मागचं पत्र कणगीमागंच राहू दे.

सत्त्याऐंशीची दिवाळी. पुण्यात एमएस्सीला होते. सरांनी सांगितलं, सुट्टीहून येताना प्रत्येकानं एक पाळीव जनावराची कवटी आणा, रानातल्या जनावराशी ताडून बघायला लागते. पोरं खाटकाकडून शेळ्यांच्या आणणार होती. मला मोठं व्हायचं होतं, दादा. मला कुत्र्याची हवी होती. आणि मला माहीत असलेला एकच कुत्रा जमिनीखाली होता, दीड वर्षापूर्वी आबांनी स्वतः पुरलेला. मेंढरांच्या वाड्याच्या दाराकडं तोंड करून, हनुवटीखाली भाकरी, अंगावर घोंगडीचा तुकडा. वर धोंडा.

दुपारी तुम्ही सगळे माळावर होता. मी खुरप्यानं उकरलं. डोकं काढलं, पिठाच्या डब्यात घातलं, वरून शेंगा भरल्या. माती लोटली, धोंडा ठेवला. घाईत तो तिरका बसला असणार.

संध्याकाळी आबा आले. धोंड्यापाशी उभे राहिले. वाकून तो सरळ केला. मग माझ्याकडं बघून म्हणाले, "काय करलालीस गं? हात धू. जेवायला बस." बस, एवढंच. ते गेले तोवर सात वर्षं मी वाट बघितली, कधीतरी विचारतील. विचारलं नाही. मीही सांगितलं नाही.

चुकले मी. विचारायला हवं होतं. विचारलं असतं तर तू नाही म्हणाला असतास, म्हणून विचारलं नाही. आता बोल.

शिवगंगा


पुणे
२२ सप्टेंबर २०२४

दादा,

महिना झाला. मी चूक कबूल केली, तूही एक पाऊल पुढं यायला नको का? माणसानं किती वाकायचं? मला वाटलं तर मी खोरं घेऊन सरळ वाड्यापाशी येईन आणि उकरून जबडा घेऊन जाईन. एकदा उकरलंय, दुसऱ्यांदा काय अवघड आहे?

वरची ओळ लिहिली आणि पेन ठेवलं. ती खोडत नाही. कसली बाई आहे मी, ते तुला दिसू दे.

काल वहिनीला फोन करून भांडले. म्हटलं, एका कुत्र्याच्या डोक्यासाठी सख्ख्या बहिणीला तोडतो का कुणी? आपलेच दात, आपलेच ओठ. ती पहिल्यांदाच माझ्यावर चिडली. म्हणाली, "वन्सं, तुमी येवढ्या शिकला, पर तुमाला कळंना. डोकं नेल्याचं त्येनला तेवढं न्हाय. शिकायला नेलं आसंल म्हनले. तुमी लिवलंय काय त्ये बघा की."

काय लिहिलंय?

"फोटूच्या खाली. चष्मा लावून दोनदा वाचलं त्येनी. मग मला म्हनले, ही उद्या आपल्या बापाला बी बेवारस म्हनंल का गं?"

मी आज, रविवारी, शिपायाला गाठून प्रयोगशाळा उघडायला लावली. जुनी नोंदवही काढली. पान पहिलं, ओळ पहिली. माझंच अक्षर, एक्क्याण्णव सालचं.

"नमुना क्र. १. कुत्रा, नर. बेवारस. परंडा रस्त्यावर मृत आढळला."

त्या पेपरवाल्यानं ही ओळ जशीच्या तशी फोटोखाली छापली होती. मी ते कात्रण फ्रेम करून लावलंय, दादा, आणि त्याखालचं पाच वर्षांत एकदाही वाचलेलं नाही. आपला फोटो बरा आलाय एवढंच बघितलं.

का लिहिलं ते सांगते. एमएस्सीनंतर कवटी माझ्याकडंच राहिली होती, नोकरी लागल्यावर मी ती संस्थेत आणली. नोंदवहीत एक रकाना असतो, मालकाचं नाव. मालक लिहिला की त्याचं संमतीपत्र जोडावं लागतं. माझ्याकडं संमतीपत्र कुठलं? आणि नवीन नोकरी, आजूबाजूला सगळी शहरातली माणसं. मेंढक्याची पोरगी घरचा कुत्रा उकरून घेऊन आली म्हणतील, याची लाज वाटली. बेवारस लिहिलं की काही प्रश्न येत नाही. पाच मिनिटांचं काम झालं.

बेवारस! अकरा वर्षं त्यानं आपली मेंढरं राखली. आबा वाड्याबाहेर जाताना आईला नाही, त्याला सांगून जायचे. येडशीच्या माळावर भर दुपारी लांडग्यानं कोकरू उचललं तेव्हा राखणीला तू होतास आणि बाभळीखाली घोरत होतास. मी भाकरी घेऊन आले होते, मी बघितलंय. त्यानं लांडग्याला गाठलं, कोकरू सोडवलं, सुळा अर्धा तिथंच गेला. रक्तानं भरलेलं तोंड घेऊन तो तुझ्यापाशी येऊन बसला, तेव्हा तुला जाग आली. आबांना तू सांगितलंस, मी काठी घेऊन धावलो. मी एक शब्द बोलले नाही. अजून कुणाला बोललेले नाही.

आणि त्याच कुत्र्याला मी रस्त्यावर मेलेला, बेवारस लिहिलं. माझे सगळे शोधनिबंध त्याच्यापासून सुरू होतात. कुठलाही दात मोजला की आधी त्याच्याशी ताडते. परदेशातली माणसं पत्र लिहितात, तुमच्या एक नंबरच्या कुत्र्याची मापं पाठवा. जगभर त्याची मापं गेली आणि सगळीकडं तो बेवारस म्हणूनच गेला.

जबड्याचं आज काही लिहीत नाही.

गंगू


पुणे
२० ऑक्टोबर २०२४

दादा,

वाटलं होतं, एक शब्द खोडायचा, दुसरा लिहायचा, कवटी पिशवीत घालायची, आणून द्यायची. कसचं काय!

कुमारसाहेबांना सगळं सांगितलं. चांगला माणूस आहे, पण नियमाला चिकट. म्हणाले, "मॅडम, बेवारस आहे तोवर नमुना संस्थेचा. बाहेर जाऊ शकत नाही." मी म्हटलं, बेवारस नाही, खोटं लिहिलं होतं, मीच लिहिलं होतं. ते म्हणाले, "मग मालक कोण?" आमचे वडील. "त्यांना अर्ज करायला सांगा." ते तीस वर्षांपूर्वी वारले. "मग वारसांनी करावा."

मी वारस आहे, मी करते अर्ज, म्हटलं. तर म्हणे, "ज्यांनी खोटी नोंद केली त्यांचा अर्ज त्यांच्याच कुत्र्यासाठी कसा घेऊ?" पटलं मला. साठ वर्षांत पहिल्यांदा.

खोट्या नोंदीचा जबाब मी लिहून दिलाय. निवृत्तीच्या तोंडावर त्याचं काय व्हायचं ते होईल. निरोप समारंभात चार माणसं कमी येतील, तेवढाच चहा वाचेल.

पण अर्ज तुला करावा लागेल. माझ्याशी बोलू नकोस, मला लिहू नकोस, पण साहेबांना लिही. कुत्रा आपला होता, नाव काय, मालक कोण, खूण काय, आता वारस कोण. एक पान पुरे. अर्जात शिव्या घालू नकोस. आणि तारीख टाक, तू तारीख विसरतोस.

जबडा राहू दे तिथंच. खरंच. तू त्याला चांगल्या कामाला लावलायस. हजारो वर्षं गोट्यांत पडून होता, त्याला पहिल्यांदाच कुणीतरी जागा दिली. मला तो हवाय, आजही हवाय, डोळे मिटले की ते तिरके दात दिसतात. पण मागणार नाही. आधी कारभाऱ्याचं डोकं तुला पोचतं करते.

तीस नोव्हेंबरनंतर माझ्या हातात काही राहणार नाही, एवढं फक्त ध्यानात ठेव.

गंगू


पुणे
२४ नोव्हेंबर २०२४

दादा,

अर्ज पोचला. शुक्रवारी कुमारसाहेबांनी मला बोलावलं, कागद पुढं सरकवला आणि स्वतः खिडकीकडं जाऊन उभे राहिले. अर्ज असा लिहितात का रे? तुला दाखवायला खाली उतरवून काढतेय, म्हणजे काय काय चुकलंय ते तुझं तुला दिसेल.

"प्रति, मा. साहेब, हाडाचे ऑफिस, पुणे.

विषय – आमचा कुत्रा परत मिळणेबाबत.

अर्जदार महारुद्र सिद्धाराम देवकते, धंदा मेंढरे व शेती, ता. परंडा. अर्ज करतो ऐसा जे, आपले वहीत नंबर एकला लिहिलेला कुत्रा बेवारस नाही. त्याचे नाव कारभारी. मालक कै. सिद्धाराम देवकते. नोकरी मेंढरे राखणे, अकरा वर्षे. रजा एकही नाही. रस्त्यावर मेला नाही, घरी मेला. मरताना मालकाचा हात डोक्यावर होता.

ओळखीची खूण, वरचा डावा सुळा अर्धा. तो तुटला तेव्हा अर्जदार झोपला होता. हे अर्जदाराने आजपर्यंत कोणास सांगितले नाही. खरे लिहावे असे ठरले म्हणून लिहितो.

डोके शिकण्यासाठी नेले त्याबद्दल तक्रार नाही. मालकास ते त्याच दिवशी माहीत होते. मालक म्हणाले होते, पोरीला लागत असेल, तू बोलू नको. ते कशाबद्दल बोलले हे अर्जदारास फोटो बघितल्यावर कळाले. बेवारस लिहिले त्याबद्दल तक्रार आहे.

मालक मयत. वारस खालीलप्रमाणे.
१) महारुद्र, मुलगा.
२) शिवगंगा, मुलगी.
यांशिवाय दुसरे कोणी वारस नाहीत.

डोक्याच्या जागी एक जबडा ठेवला आहे. तो आमच्या कुत्र्याचा नाही. डोके आले की तो उकरून दोन नंबरच्या वारसास देण्यात येईल. तिला त्यातले कळते.

अर्जदार, महारुद्र सिद्धाराम देवकते."

तारीख नाहीच. हजारदा सांगितलं होतं.

आणि "हाडाचे ऑफिस"! आमच्या संस्थेचं नाव दारावर केवढ्या मोठ्या अक्षरात लिहिलंय. कुमारसाहेब म्हणाले, "मॅडम, रजा एकही नाही, हे वाक्य काढायचं का? तांत्रिक नाही ते." मी म्हटलं, एक अक्षर काढायचं नाही. काढलं तर मी निवृत्तच होणार नाही. मग मी तिथंच त्यांच्या खुर्चीत बसून ढसाढसा रडले. शिपाई पाणी घेऊन आला.

आबांना माहीत होतं, हे तू इतकी वर्षं पोटात ठेवलंस. तुला नीट माहीत नसताना ठेवलंस. आणि साहेबाला लिहिलंस, मला नाही. कसला माणूस आहेस तू!

नोंदवहीत त्याच दिवशी मी स्वतः लाल शाईनं दुरुस्ती केली. बेवारस खोडलं. वरती लिहिलं, "कारभारी. मालक सिद्धाराम देवकते." खाली सही केली, पूर्ण नाव घालून. परदेशातल्या लोकांना ईमेल गेले. एकीनं विचारलंय, कारभारी म्हणजे काय? तिला काय सांगू? लिहिलं, घर चालवणारा.

मंजुरी मिळालीय. पण आता नवं लचांड. नमुना परत करायचा तर पावतीवर सगळ्या वारसांच्या सह्या लागतात. एकीची चालत नाही, एकाची चालत नाही. कुमारसाहेबांनी नियम दाखवला आणि सुचवलं, "मॅडम, गावाकडं नेहमी करतात तसं करा. तुम्ही हक्कसोड लिहून द्या, म्हणजे भावाच्या एकट्याच्या सहीवर काम होईल."

मी नाही म्हटलं.

पावती आणि कवटी दोन्ही घेऊन मी शुक्रवारी निघते. साहेबांनी माझ्या जबाबदारीवर दिलीत. डबा तोच, पिठाचा, पण या वेळी वर शेंगा नाहीत. कुर्डुवाडीहून दुपारची एसटी मिळते. वहिनीला सांग, जबड्याशेजारी ठेवायला भाकरी तिची, टेप माझा. तुझ्या त्या भुंकणाऱ्याला बांधून ठेव. आणि मेंढरं वळवू नकोस.

खोरं तू घे. दुपारी उकरू, सगळ्यांसमोर. सही तिथं धोंड्यावर कागद ठेवून कर. माझी मी केलीय, दोन नंबरला. तुझी जागा मोकळी आहे.

जमिनीवरचं नाव मी काढून दिलं होतं, त्याचं मला काही नाही. कारभाऱ्यावरचा हक्क मात्र सोडणार नाही, आधीच सांगून ठेवते.

तुझी
गंगू